रत्नागिरीत घागरापलटणीची रेघ

रत्नागिरीला मांडवीवर सखाराम हवालदार साळवी म्हणून एक गृहस्थ राहतात. पूर्वी मराठा पलटणीच्या बँडात मशकबाजा (कातडी पिशवीत वारा भरून वाजवायचा बाजा) वाजवीत, आता बंदरावरच्या जकातीच्या नाक्यावर पहारेकरी आहेत. माझी नोकरी त्यांनी आणि त्यांच्या मंडळींनी राखली. हे सगळ्यात आधी लिहून ठेवतो, म्हणजे पुढचे वाचताना त्यात माझी काही हुशारी होती असे आपल्या नगरकडच्या कोणाला वाटायला नको. माझी हुशारी होती, पण ती खड्डा खणण्यापुरतीच.

मराठी चौथीत असताना वडील गेले आणि माझी शाळा सुटली, हे आपल्याकडे सर्वांना ठाऊक आहे. तेव्हापासून हातात सुई. दोन वर्षांपूर्वी मुंबईस लष्करी कपडे शिवणाऱ्या एका मास्तरांकडे लागलो. कुलाब्याला गोऱ्यांची एक स्कॉच पलटण आहे, तिचे कपडे आमच्याकडे येतात. लोक तिला घागरापलटण म्हणतात, कारण हे सोल्जर सणावाराला विजार न घालता गुडघ्यापर्यंतचा लोकरी घागरा नेसतात. त्याला ते किल्ट म्हणतात. कापड हिरव्या-निळ्या चौकड्यांचे, त्यातून एक पांढरी रेघ गेलेली. पुढून सपाट आणि मागे चुण्याच चुण्या. एका घागऱ्याला सात वार कापड लागते. दोन वर्षांत मी या पलटणीची बटणे लावली, कॉलर बसवल्या, पायावर चढवायचे गेटर शिवले, पण घागऱ्याला मास्तर कोणाचा हात लागू देत नसत.

यंदाच्या थंडीत रत्नागिरीला जिल्ह्यातल्या जुन्या शिपायांचा मेळावा भरायचा होता. जर्मनच्या लढाईला बारा-तेरा वर्षे होऊन गेली, तरी त्या लढाईतून परतलेली माणसे त्या बाजूला गावोगाव आहेत. त्यांच्या मानाला म्हणून सरकारने घागरापलटणीचे सहा बाजेवाले धाडले. त्यांचा म्होरक्या पाइप मेजर. त्याचे पोट सुटले म्हणून त्याचा समारंभाचा घागरा आमच्याकडे सैल करायला आला होता. बाजेवाले निघाले तेव्हा तो तयार नव्हता. तयार झाला तेव्हा मास्तरांचा गुडघा सुजून बसला. मग पत्र्याच्या ट्रंकेत, मलमलीत गुंडाळून, चुण्यांवर पांढरा कच्चा टाका घालून तो घागरा माझ्या हवाली झाला.

मास्तर म्हणाले, पोहोचलास की कच्चे टाके काढ, इस्त्री फिरव आणि साहेबाच्या हाती दे, दुसरे काही करू नकोस. हे वाक्य त्यांनी दोनदा म्हटले. घागरा वेळेत आणि धड पोहोचला नाही तर पलटणीचे काम सुटेल आणि माझेही, हे त्यांनी एकदाच म्हटले, पण मला तेच जास्त ऐकू आले.

दुपारी भाऊच्या धक्क्यावरून आगबोट सुटली. समुद्रावर जाण्याची माझी पहिलीच वेळ, मला मळमळू लागले. बाजूला एक म्हातारी बाई होती, तिने मला कोकमाचे आमसूल चोखायला दिले आणि माझे आंबट झालेले तोंड पाहून पदराने स्वतःचे हसू झाकले. मी ट्रंकेवर डोके टेकून पडून राहिलो. पहाटे जयगडच्या खाडीबाहेर बोट थांबली तेव्हा ती बाई उतरून गेली. जाताना म्हणाली, आता थोडंच राहिलंय, ट्रंक सोड, ती काय पळून जात नाय. मी काही सोडली नाही.

उजाडल्यावर रत्नागिरी दिसली. समुद्रात पुढे आलेला डोंगर, त्यावर किल्ल्याचा तट, खाली माडांची रांग आणि काळसर वाळू. आपल्याकडे माणूस दूरवर पाहतो ते जमिनीवरून. इथे पाण्यावरून गाव पाहताना ते हळूहळू वर येते आहे असे वाटले. आता पोहोचलोच, असे मनात आले.

बोट धक्क्याला लागत नाही. बाहेर खोल पाण्यात उभी राहते आणि पडाव (माणसे-सामान नेणारी मोठी होडी) येऊन उतारू घेतो. बोटीच्या शिडीखाली तो पडाव पुरुषभर वर येई आणि खाली जाई. खलाशाने ट्रंक घ्यायला हात पुढे केला. मी दिली, पण कडी सोडली नाही. तो ओढतो आहे, मी ओढतो आहे, अशात पडाव खाली गेला, कडी तुटली, ट्रंक पडावाच्या काठावर आपटून उघडली आणि आतला मलमलीचा गठ्ठा सरळ पाण्यात पडला. लाटेने मलमल सुटली आणि घागरा पाण्यावर पसरला.

पडावाच्या तांडेलाने, म्हणजे मुख्य नावाड्याने, लांब काठीचा लोखंडी आकडा टाकून तो धरला आणि ओढला. चर्र असा आवाज मला वरपर्यंत ऐकू आला. घागरा वर आला तेव्हा तांडेल त्याची लांबी बघतच राहिला.

"कुनाच्या बायकोचा परकर रे ह्यो? बाई हाय का गलबताचं शीड?"

सगळा पडाव हसला. मी सांगितले की तो गोऱ्या साहेबाचा आहे, आणि उद्या संध्याकाळी त्याला नेसायचा आहे. मग कोणी हसले नाही. तांडेलाने आकडा हळूच आडवा ठेवला आणि माझी नजर चुकवीत वल्ही मारायला सांगितले.

बंदरावर जकातीच्या नाक्यापाशी मी तो भिजलेला गठ्ठा छातीशी धरून उभा राहिलो. रडत होतो की नाही हे मला आठवत नाही, पण हवालदार म्हणतात की रडत होतो. साठीच्या आतले, उंच, मिशा पांढऱ्या, चालणे अजून कवायतीचे. त्यांनी ट्रंकेत काय आहे म्हणून विचारले आणि मी गठ्ठा पुढे केला. पाहताच त्यांनी दोन बोटांनी कापड चाचपले आणि पलटणीचे नाव मी सांगायच्या आधी त्यांनीच सांगितले. मग विचारपूस न करता मला घरी घेऊन गेले. घर नाक्यामागेच, माडांच्या सावलीत, पुढे सारवलेले खळे (अंगण) आणि पडवी.

"अगो, पेज टाक पोराला," ते आत बघून म्हणाले, "आनि विहिरीवर दोन कळश्या घेऊन ये. साहेबाचं लुगडं धुवायचं हाय."

मला पडवीत बसवून ते ड्युटीवर परत गेले. काकींनी, म्हणजे त्यांच्या मंडळींनी, मला पेज (पातळ मऊ भात) आणि भाजलेला सुका बांगडा दिला. मग आम्ही दोघांनी गोड्या पाण्याने घागरा सात-आठ वेळा खळबळला, तेव्हा कुठे जिभेला खारटपणा लागेना. घरामागे कातळ आहे. कातळ म्हणजे तांबड्या जांभ्या दगडाचे उघडे पठार. उन्हाने तापलेल्या तव्यासारखे. त्यावर घागरा पसरला आणि वर खाली उलटत राहिलो. दुपारी बारापर्यंत तो वाळला. रंग गेला नव्हता, आटला नव्हता. आकड्याने कापड फाडले नव्हते, फक्त मागच्या दहा-बारा चुण्यांचे टाके उसवले होते. मला देव भेटल्यासारखे झाले.

इथेच मी थांबायला हवे होते. उसवलेल्या चुण्या शेजारच्या चुण्यांसारख्या घालून टाके मारायचे, एवढेच काम होते. पण मी शेजारच्या चुण्या नीट पाहिल्या. प्रत्येक चुणीच्या बरोबर मध्ये पांढरी रेघ. एक रेघ, दुसरी रेघ, तिसरी रेघ, सगळ्या उभ्या आणि सारख्या. पुढून कापडाचा सुंदर चौकडा आणि मागे नुसत्या रेघा. आपल्याकडे शिंप्याची पहिली परीक्षा असते ती चौकडा जुळवण्याची. खिशावरचा चौकडा खालच्या चौकड्याशी जुळला नाही तर गिऱ्हाईक तोंडावर सदरा फेकते. मला वाटले, मास्तरांची नजर गेली. म्हातारपणी घाईत त्यांनी चौकडा मोडला आणि कोणाच्या लक्षात आले नाही. आता माझ्या हातून तो दुरुस्त होऊ शकतो.

मी सगळ्याच चुण्या उसवल्या आणि अशा घातल्या की मागून पाहिले तरी चुणी आहे हे कळू नये, पुढचा चौकडा तसाच फिरून मागे यावा. दिवेलागणीला शेवटचा टाका घातला. इतके देखणे काम माझ्या हातून पूर्वी झाले नव्हते. काकींनीही म्हटले, वा रे वा.

संध्याकाळी हवालदार आले, पण कंदिलाच्या उजेडात घागऱ्याची घडी त्यांनी उघडली नाही. आम्ही जेवलो. माशाचे तिकले (तिखट कालवण) होते, वर सोलकढी. जेवताना त्यांनी मला घागरापलटणीच्या पुष्कळ गोष्टी सांगितल्या. नाईक असताना त्यांना सहा महिने अशाच एका स्कॉच पलटणीत बाजा शिकायला ठेवले होते. बाजा आधी हातात देत नाहीत, तोंडाने म्हणायला लावतात. आपल्याकडे तबल्याचे बोल म्हणतात तसे. ते बोल त्यांना अजून येतात, त्यांनी मला म्हणून दाखवले आणि काकी चुलीपाशी हसल्या. लढाईत बाजेवाला सगळ्यांच्या पुढे चालतो. त्याचे दोन्ही हात बाजात गुंतलेले, त्यामुळे तो बंदूक चालवू शकत नाही, आणि गोळी आली तर बाजूला व्हायचे नाही. बसऱ्याकडे असा एक बाजेवाला त्यांनी पडताना पाहिला. वाऱ्याने भरलेल्या पिशवीतून तो पडल्यावरही सूर निघत राहिला. एवढे सांगून त्यांनी सोलकढीची वाटी संपवली. मग मेसची गंमत सांगितली: साहेबांचे जेवण संपले की बाजेवाला टेबलाभोवती वाजवीत फिरतो आणि शेवटी मोठा साहेब त्याला उभ्याउभ्या स्वतःच्या हाताने प्याला देतो.

आणखी एक गोष्ट त्यांनी सांगितली, ती मला विसरता येत नाही. या लोकांच्या डोंगरी मुलखात फार पूर्वी राजाविरुद्ध बंड झाले. ते मोडल्यावर सरकारने त्यांना चौकड्याचे कापड अंगावर घालायला बंदी केली. फक्त पलटणीत भरती होणाऱ्याला मुभा. हवालदार म्हणाले, म्हणजे ज्याला बापाचा कपडा घालायचा त्याने सरकारची चाकरी करायची. म्हणून त्या कपड्याला ते इतके जपतात. मी मान डोलावली आणि सुखाने झोपलो.

सकाळी हवालदार पडवीत घागरा उघडून बसले होते. मी तोंड धुऊन आलो, शाबासकीच्या आशेने शेजारी बसलो. ते चुण्यांवरून बोट फिरवीत राहिले. मग विचारले, "ह्या तू बसवल्यास?"

मी हो म्हणालो आणि मास्तरांची चूक कशी सुधारली तेही सांगितले.

"पोरा," ते म्हणाले, "ही पलटणच बदललीस की रे."

मला अर्थ कळेना. मग त्यांनी शांतपणे समजावले. चुण्यांत चौकडा जुळवणाऱ्या पलटणी वेगळ्या आणि रेघ दाखवणाऱ्या वेगळ्या. ज्या पलटणीचा हा घागरा, तिची चाल रेघेची. पाठीमागे चालणाऱ्या शिपायाला पुढच्याच्या पाठीवर त्या पांढऱ्या रेघा दिसतात. पाऊल पडले की चुण्या हलतात आणि सगळ्या रांगेच्या रेघा एकदम उघडतात, एकदम मिटतात. कोणाचे पाऊल चुकले तर त्याच्या रेघा लगेच सांगतात. पाइप मेजर सगळ्यांच्या पुढे, त्याच्या पाठीवर सगळ्यांची नजर. तो दुसऱ्या पलटणीच्या चुण्या घालून चालला तर उद्या कुलाब्याला त्याला तोंड दाखवता येणार नाही. तो हा नेसणारच नाही, खाकी चड्डीवर उभा राहील, आणि का ते साहेब विचारतील.

मास्तरांचे दोनदा म्हटलेले वाक्य आता ऐकू आले. मेळावा पाचला, घागरा तीनपर्यंत तरी पोचवायचा. आदल्या दिवशी मला एकट्याला फक्त शिवायला पाच तास लागले होते. आता आधी सगळे उसवायचे, मग घड्या पाडायच्या, मग शिवायचे, वर इस्त्री. मी म्हणालो, होणार नाही. मी आजच्या बोटीने पळून जातो.

हवालदारांनी माझ्याकडे पाहिलेसुद्धा नाही. आत हाक मारली. "अगो, तुझी वाकळीची सुई आन."

काकी वाकळ (जुन्या लुगड्यांची गोधडी) शिवतात. त्यांचा टाका मी पडवीतल्या वाकळीवर पाहिला होता: तांदळाच्या कणीएवढा आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत सारखा. आम्ही तिघे बसलो. मी उसवीत गेलो. हवालदार मांडी घालून, घागरा गुडघ्यावर ताणून, प्रत्येक घडी अशी पाडीत की रेघ बरोबर मध्ये यावी. माझ्याजवळच्या टाचण्या आठ. मग काकींनी माडाच्या पातीतले हीर (बारीक कडक काड्या) तोडून आणले आणि पत्रावळ टाचतात तशा आम्ही चुण्या टाचल्या. एका टोकाने काकी, दुसऱ्या टोकाने मी, असे शिवत आम्ही मध्याकडे सरकू लागलो. घाई केली की काकी सुईच्या मागच्या टोकाने माझ्या हाताला टोचत आणि म्हणत, हळू रे, वाकळ काय वाघ लागल्यासारखी शिवतंस. मी एक चुणी अर्ध्या बोटाने तिरकी शिवली, हवालदारांनी ती उसवून परत पुढे ठेवली.

मध्ये एकदा नाक्यावरचा शिपाई खळ्यात येऊन हवालदारांना काही सांगून गेला. त्यांनी हाताने त्याला जा म्हटले. मी शिवण्यात गढलेला, विचारले नाही.

दीड वाजता काकींची सुई आणि माझी सुई एकाच चुणीवर आल्या. सत्तावीस रेघा, सगळ्या उभ्या. माझ्या इस्त्रीला कोळसे नव्हते. काकींनी नारळाच्या करवंट्या जाळून निखारे केले. ओला पंचा घालून मी चुण्या बसवल्या. मग हवालदारांनी सदरा बदलला आणि आम्ही निघालो.

बाजेवाल्यांचा मुक्काम गावात वर, मैदानाजवळ. पाइप मेजर लाल तोंडाचा, माझ्याहून दुप्पट. त्याने घागरा घेतला, पुढून पाहिलाच नाही. सरळ उलटा केला आणि अंगठा पहिल्या रेघेवर ठेवून एकेक मोजत गेला. मी त्याचा अंगठा पाहत होतो. तो मधल्या चुणीवर थांबला, जिथे दोन टाके भेटले होते. पुढे गेला. शेवटी त्याने घागरा नाकाशी नेला, वास घेतला आणि हवालदारांना काहीतरी विचारले. हवालदार टाच जुळवून पलटणी इंग्रजीत बोलले. साहेब हसला, माझ्या खांद्यावर एक थाप मारली, तिने मी अर्धे पाऊल पुढे गेलो.

बाहेर आल्यावर मी विचारले, काय म्हणाला?

"इचारत व्हता, ह्याला खोबऱ्याचा वास कसा. म्हटलं, साहेब, रत्नागिरीत सगळ्यालाच येतो."

मी रस्त्याच्या कडेला बसलो आणि पुष्कळ वेळ हसत राहिलो. मग लक्षात आले की सकाळपासून मी पाणीही प्यालो नव्हतो.

पाच वाजता मैदान भरले. पाली, संगमेश्वर, कुठून कुठून जुने शिपाई आले होते. कोणाचा हात नाही, कोणी काठीवर. पण छातीवर बिल्ले आणि ओळीत उभे. मी आणि काकी दोरीच्या बाहेर, लोकांत. आणि हवालदारही आमच्याशेजारी, दोरीच्या बाहेर. मला आश्चर्य वाटले. मी म्हणालो, हवालदार, तुम्ही आत नाही? ते म्हणाले, हयसरनं (इथून) बरं दिसतं.

ते जरा पुढे सरकल्यावर काकींनी सांगितले. जुन्या शिपायांनी सकाळी दहा वाजता कागद घेऊन मैदानात यायचे होते, तिथे नाव मांडले जायचे. नाव असेल तोच ओळीत. नाक्यावरचा शिपाई तेच सांगायला आला होता. "महिनाभर कागद उशाला घेऊन झोपत व्हते," काकी म्हणाल्या, आणि लगेच, "मी सांगितलं असं बोलू नको."

तेवढ्यात बाजे वाजले. पाइप मेजर पुढे, मागे पाच. वळताना त्याची पाठ आमच्याकडे झाली. पाऊल पडे तशा रेघा उघडत आणि मिटत, एकही वाकडी नाही. लोक आधी घागरा पाहून हसत होते, ते थांबले. हवालदारांची बोटे दोरीवर हलत होती, जशी बाजाच्या भोकांवर हलतात. त्यांनी मान माझ्याकडे न वळवता म्हटले, "बघ. सरळ हायत."

मी एवढेच म्हणालो की माझ्यामुळे तुमचे नाव मांडायचे राहिले.

"कोट तरी खय (कुठे) व्हता?" ते म्हणाले. "पलटणीचा कोट वाळवीनं कवाच खाल्ला. सदऱ्यावर बिल्ले लावून उभा राहिलो असतो तर साहेबानं मला कारकून समजलं असतं. बाजा ऐक."

दुसऱ्या दिवशीच्या बोटीने मी परतलो. या वेळी तांडेलाने ट्रंक मागितली तेव्हा लगेच सोडली. समुद्रावर मला काही झाले नाही. जयगडपर्यंत उभा राहून किनारा पाहत होतो. मुंबईस पोहोचल्यावर मास्तरांना सगळे खरे सांगितले, चौकडा जुळवल्याचेही. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मला वाटले, संपले. मग कपाटातून एक जुना घागरा काढून माझ्यापुढे टाकला आणि म्हणाले, उसव आणि रेघेवर बसव, मी बघतो आहे. त्या दिवसापासून मी घागरे शिवतो. घरच्यांनी माझी काळजी करू नये, मी सुखरूप आहे आणि काम पक्के झाले आहे.

एक गोष्ट राहिली. निघण्याच्या सकाळी हवालदार नाक्यावर जायला सदरा घालत होते, तेव्हा मी सुतळीने त्यांच्या खांद्याचे, छातीचे आणि बाहीचे माप घेतले. त्यांनी विचारले, काय करतंस? मी म्हटले, शिंप्याची सवय. त्यांना पटले नाही, पण हात वर करून उभे राहिले. तीन गाठी मारलेली ती सुतळी माझ्या पेटीत आहे. मराठा पलटणीच्या बाजेवाल्या हवालदाराचा कोट कसा असतो, कॉलर कोणती, बटणे कोणती, हे मी विचारून घेतो आहे, एकही गोष्ट माझ्या मनाने करणार नाही. पुढचा मेळावा कधी भरेल ठाऊक नाही. पण भरेल तेव्हा तो कोट घेऊन मी आदल्या दिवशी मांडवीवर उतरेन, आणि सकाळी दहाच्या आत हवालदारांना मैदानात पोहोचवीन. हे मी त्यांना सांगितलेले नाही; इथे लिहून ठेवतो, म्हणजे मला शब्द फिरवता येणार नाही.